फायटोफिलस माशांसाठी दोन पोती

६ जानेवारी २०२५, सकाळी ७.१०
नवी वही. गेल्या वर्षीची फेब्रुवारीतच बंद पडली, त्याला जबाबदार पेन. यंदा चार पेनं आणून ठेवली आहेत.
संकल्प तीन. रोज लिहायचं. खरं लिहायचं, कारण ही वही दुसरं कुणी वाचणार नाही, आणि स्वतःशी खोटं बोलून मिळणार काय? रोज निमगावहून पारगावच्या रस्त्याला चार किलोमीटर चालायचं. हे उद्यापासून. आज थंडी फार आहे.

८ जानेवारी
काल लिहिलं नाही, चाललोही नाही. कारण सबळ आहे. नारायणगावला ‘शेततळ्यातील मत्स्यपालन’ या विषयावर एक दिवसाचं प्रशिक्षण होतं. गोरखला जायचं होतं, पण त्याची कांद्याची गडबड. म्हणून मी गेलो. गोरख माझा पुतण्या. शेततळं त्याचं आणि माझं सामाईक. पाण्याची मोटार त्याची, विचार माझे.
फोल्डर मिळालं, पाचवं पेन मिळालं. जेवणात गुलाबजाम एकच. पण दिवस सार्थकी लागला तो एका शब्दामुळे. मॅडम म्हणाल्या, सायप्रिनस मासा ‘फायटोफिलस’ आहे. म्हणजे वनस्पतिप्रिय. त्याची अंडी चिकट असतात आणि तो ती पाण्यातल्या झाडपाल्यावर घालतो, पानांना-मुळांना चिकटवून. पाण्यात काहीच हिरवं नसेल तर अंडी घालायला जागा नाही.
आमच्या तळ्यात तळापासून काठापर्यंत काळा प्लॅस्टिकचा कागद. गवताची काडी नाही. बिचारे मासे.
एस.टी.त एकतीस वर्षं कंट्रोलर होतो. माईकवर हजारो गाड्या पुकारल्या, पण असा भारदस्त शब्द तोंडात कधी आला नाही. परतीच्या गाडीत मनातल्या मनात म्हणत होतो. मनातल्या मनात नसावा, कारण शेजारचा माणूस उठून पुढच्या सीटवर गेला.

९ जानेवारी
शब्द वापरल्याने आपला होतो. सकाळपासून वापरतो आहे.
गोठ्यातल्या गाईला फायटोफिलस म्हणालो. सारजावहिनींच्या शेळीला म्हणालो. सारजावहिनी म्हणजे गोरखची आई, माझ्या थोरल्या भावाची बायको. त्या म्हणाल्या, भावजी, शेळीला काय बी म्हना, पन तिला मेथीच्या वाफ्यातनं हाकला आदी.
मग लक्षात आलं की मी स्वतःही फायटोफिलस आहे. मला झाडं मनापासून आवडतात. हे सौ.ला सांगितलं. ती म्हणाली, मग दारातल्या तुळशीला आठ वर्षं पाणी कोण घालतंय. प्रेम आणि पाणी या दोन वेगळ्या गोष्टी आहेत हे तिला कोण सांगणार.

१० जानेवारी, दुपारी
हर्षालीला फोन केला. मुलगी पुण्यात कॉलेजवर प्राणिशास्त्र शिकवते, म्हणजे तिला आनंद होईल असं वाटलं. ती म्हणाली, अण्णा, माणसाला तो शब्द लावत नाहीत. जो जीव झाडावर राहतो, झाडावर अंडी घालतो, झाडाच्या आधाराने जगतो, त्याला लावतात. मासे, किडे, गोगलगायी. तुमच्या टोमॅटोवरच्या माव्याला म्हणा, मिरचीवरच्या थ्रिप्सला म्हणा.
म्हणजे मावा आणि मी एका ओळीत.
मी विचारलं, पण झाड खाणारा आणि झाडावर प्रेम करणारा यांत काही फरक आहे की नाही? ती म्हणाली, आहे, खाणाऱ्याला फायटोफॅगस म्हणतात, पण बरेचदा दोन्ही एकच निघतात. आणि म्हणाली, फिलस म्हणजे ज्याला ती गोष्ट हवी असते तो, त्याच्यामुळे त्या गोष्टीचं भलं होतं असं त्यात कुठेच म्हटलेलं नाही.
कॉलेजवाल्यांना शब्दातला जीव कळत नाही. मी स्वतःपुरता वापरत राहणार.

१३ जानेवारी
योजना पक्की. तळ्यात वनस्पती आणायची. मासे तिच्यावर अंडी घालतील, पिल्लं होतील, आणि दर वर्षी मोहसीनकडून बोटुकली घ्यायची गरज उरणार नाही. मोहसीन जुन्नरचा. पिकअपमध्ये टाकी बांधून गावोगावच्या शेततळ्यांना बोटभर माशांचं बीज पुरवतो. पोरगा चांगला आहे, पण चांगल्या पोरावर अवलंबून राहणं म्हणजे परावलंबनच.
गोरखला अजून सांगितलेलं नाही. त्याला निकाल दाखवायचा. आधी सांगितलं की तो प्रश्न विचारतो.

१६ जानेवारी
सकाळी अॅक्टिव्हा घेऊन येडगावला गेलो. धरणाच्या फुगवट्याला काठाशी जलपर्णी पसरलेली. जांभळी फुलं, तुकतुकीत पानं, खाली लांब केसाळ मुळं. मॅडमनी स्लाइडवर अशाच मुळांना चिकटलेली अंडी दाखवली होती. ती टाकीतली होती, अंडी उतरवून झाडं बाहेर काढतात असंही काहीतरी म्हणाल्या, पण तेव्हा जेवणाची घंटा झाली.
दोन पोती भरली. जाळं दुरुस्त करत बसलेला एक म्हातारा म्हणाला, पावणं, ते नेऊ नका, ते एका जागी ऱ्हात न्हाई. मी हसलो. त्याला शब्द समजावून सांगितला. त्याने बिडी पेटवली.
दुपारी गोरख बाजारात असताना तळ्याच्या पलीकडच्या कोपऱ्यात सोडली. मोटार अलीकडे, त्यामुळे अडचण काही नाही. फार सुंदर दिसतंय. माशांनी अजून दखल घेतलेली नाही.
सौ.ने विचारलं, गाडीच्या पायाशी एवढा चिखल कसला. म्हणालो, चालायला गेलो होतो.

२१ जानेवारी
मोहसीन आज बोटुकलीची नवी खेप घेऊन आला. गोरखने आधीच सांगून ठेवलं होतं. गोरख पुन्हा बाजारात, त्यामुळे तळ्यावर मी आणि मोहसीन दोघेच. ऑक्सिजन भरलेल्या पिशव्या त्याने आधी पाण्यावर तरंगत ठेवल्या, मग हळूच सोडल्या. कामात स्वच्छ माणूस.
जाता जाता त्याची नजर कोपऱ्यावर गेली. म्हणाला, साहेब, ही जलपर्णी कुठनं आली? आजच काढा, लई वाढती. मी म्हणालो, पक्ष्यांच्या पायाला लागून येत असेल. तो म्हणाला, येऊ द्या कशी बी, पन काढा.
हो म्हणालो. त्याचा धंदा बीज विकण्याचा, तो असंच सांगणार.

३ फेब्रुवारी
बरेच दिवस लिहिलं नाही. लिहिण्यासारखं घडत होतं म्हणून.
कोपरा भरला. माशांना खाद्य मिळावं म्हणून मी शेणाची स्लरी सोडत होतो. माशांचं माहीत नाही, जलपर्णीने अंग धरलं. सौंदर्य वाढलं आहे. मुळं उचलून पाहिली. अंडी दिसली नाहीत. चष्मा नेला नव्हता.
चालणं: दोन दिवस. दोन्ही वेळा तळ्यापर्यंत.

९ फेब्रुवारी
गोरखने पाहिलं. म्हणाला, अण्णा, हे काय झालंय? मी म्हणालो, पक्षी. तो थोडा वेळ माझ्याकडे बघत होता, मग म्हणाला, कांदा निघाला की काढू.
खरं सांगायला हवं होतं का? निकाल लागल्यावर सांगणारच आहे. एखादं अंडं सापडलं की झालं.

१७ फेब्रुवारी
जलपर्णी मोटारीपाशी पोचली. फूटव्हॉल्व्हमध्ये मुळं अडकली, पाणी उचलेना. ड्रिपचा फिल्टर चिखलाने बंद. गोरख पाण्यात उतरून दोन तास मुळं ओढत होता. सारजावहिनी काठावरून म्हणत होत्या की टोमॅटोचं फूल गळाया लागलंय, पाणी द्या रं लवकर. कालव्याचं आवर्तन यायला अजून बराच अवकाश आहे, तोपर्यंत हे तळं हेच सगळं.
मी काठावरून मार्गदर्शन केलं. कमरेला पट्टा आहे.
आज सांगणार होतो. पण तो पाण्यात थंडीने कुडकुडत होता, अशा वेळी सांगणं बरं दिसलं नसतं. उद्या.

१८ फेब्रुवारी
उद्या.

२५ फेब्रुवारी, सकाळी ९.००
मासे मेले.
सारजावहिनी पहाटे गाईंच्या धारा काढायला उठल्या तेव्हा त्यांना तळ्यावर आवाज आला. मासे वर येऊन तोंडं उघडझाप करत होते. पांढरी पोटं जलपर्णीच्या मधून मधून दिसत होती. अर्ध्याहून जास्त तळं झाकलेलं, खाली हवा कुठून पोचणार. उजाडेपर्यंत सगळं संपलं होतं. मोठे सायप्रिनस, मागच्या पावसाळ्यातले. त्यांनी अंडी घालावीत म्हणून मी हे केलं होतं.
गोरखने मोहसीनला बोलावलं आहे. म्हणतोय, त्याच्याच बिजाबरोबर हे आलं.

२५ फेब्रुवारी, दुपारी ३.३०
हे खरं लिहायचं आहे म्हणून लिहितो. नाहीतर लिहिलं नसतं.
मोहसीन आला. गोरख त्याला वाट्टेल ते बोलला. म्हणाला, तुज्या पिशव्यांतनं ही घाण आली, आमचं तळं गेलं, मासं गेलं, आता टोमॅटो जातोय. गावातली पाच-सहा माणसं जमली. मोहसीनने ऐकून घेतलं. मग शांतपणे म्हणाला, भाऊ, माज्या पिशवीत नुसतं पानी आन् मासं. मी आलो त्या दिवशी त्या कोपऱ्यात जलपर्णी व्हती. मी साहेबांना दाखवली. काढा म्हनलो. साहेब हायेत ना समोर, त्यांनाच इचारा.
सगळे माझ्याकडे वळले.
मला म्हणायचं होतं की हो, होती. जीभ उचलली होती. तेवढ्यात मला दोन पोती दिसली, गोरखचा कुडकुडणारा चेहरा दिसला, आणि माझ्या तोंडून कंट्रोलरच्या आवाजात निघालं की मला नक्की आठवत नाही. गोरख म्हणाला, म्हणजे बिजाबरोबर आली असंल का? मी म्हणालो, शक्यता नाकारता येत नाही.
मोहसीन माझ्याकडे बघत राहिला. मी माशांकडे बघत राहिलो. मग तो गाडीत बसून गेला.
जेवण गेलं नाही. सौ.ने ताट उचललं.

२६ फेब्रुवारी
गावाच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर कुणीतरी टाकलं आहे: मोहसीनकडचं बीज घेऊ नका, जलपर्णी येते, कंट्रोलर अण्णांचंही हेच म्हणणं आहे.
माझं म्हणणं हे नाही. माझं म्हणणं असं होतं की शक्यता नाकारता येत नाही. हा फार मोठा फरक आहे. हे ग्रुपवर स्पष्ट करावं असं वाटलं, पण स्पष्ट करायला गेलं तर शेवटपर्यंत करावं लागेल.
शेजारच्या साकोरीच्या दोघांनी मोहसीनला दिलेली ऑर्डर रद्द केली. पारगावच्या एकाने पण. ज्याला त्याला माझं नाव सांगताहेत. आयुष्यभर वाटायचं, आपल्या शब्दाला गावात वजन असावं.

२७ फेब्रुवारी
उपाय सापडला. उद्या विज्ञान दिन. हायस्कूलचे हेडमास्तर भगवंत सर यांनी मागेच बोलावून ठेवलं होतं, ‘वनस्पतिप्रिय जीव’ या विषयावर व्याख्यान. गोरख शाळा समितीवर आहे, तो असणार. अर्धा गाव असणार. सगळ्यांसमोर कबूल करून टाकायचं. एकदाच, माईकवर. खाई त्याला खवखवे म्हणतात, ती खवखव उद्या साडेअकराला संपणार.
भाषण लिहिलं. तीन वेळा. पहिल्यात फार साधे शब्द होते, ते शास्त्रीय कार्यक्रमाला शोभले नसते.

२८ फेब्रुवारी, दुपारी १.००
कबूल केलं.
सुरुवात फायटोफिलस शब्दापासून. व्युत्पत्ती, मासे, मावा, हर्षालीचा मुद्दाही घेतला. मग मी कागदावरचं वाक्य जसंच्या तसं वाचलं: “संबंधित जलाशयात परकीय जलीय वनस्पतीचा प्रवेश हा नैसर्गिक नसून मानवी हस्तक्षेपातून झालेला आहे, आणि त्या हस्तक्षेपाशी प्रस्तुत वक्त्याचा निकटचा संबंध आहे, हे येथे खेदपूर्वक नमूद करावेसे वाटते.”
थांबलो. मग भगवंत सरांनी टाळी वाजवली आणि सगळ्यांनी वाजवल्या.
शाल मिळाली. नारळ मिळाला. आभाराच्या भाषणात सर म्हणाले की सोपानरावांचा पाण्याशी असा निकटचा संबंध आहे म्हणूनच ते इतकं पोटतिडकीने बोलू शकले. मुलांनी या खेदातून प्रेरणा घ्यावी.
गोरख म्हणाला, अण्णा, भारी बोलला, आमाला काय कळलं न्हाई, पन भारी.
तांत्रिकदृष्ट्या मी सांगितलेलं आहे. सर्वांसमक्ष.

१ मार्च
तांत्रिकदृष्ट्या सांगून काही होत नाही. शाल कपाटात ठेवली, पण कपाट उघडलं की वरच दिसते. खाली ठेवली. तरी माहीत असतं की ती खाली आहे.
गोरखने चार बाया लावून जलपर्णी ओढून काढायला घेतली. काठावर ढीग. मी पट्टा बांधून उभा होतो. अंबाबाई म्हणून एक आहे त्या बायांत, ती म्हणाली, कंट्रोलर, उभं ऱ्हाऊन कंबर जास्त दुखती, वाकलं की बरी व्हती. सगळ्या हसल्या. मी उद्यापासून मदत करणार आहे.

३ मार्च
हर्षालीचा फोन. भाषणाबद्दल तिच्या आईने सांगितलं वाटतं. तिने ते वाक्य मला पुन्हा म्हणायला लावलं. म्हटलं. ती म्हणाली, अण्णा, म्हणजे तुम्ही टाकलीत.
वाक्य समजलेला एकच माणूस. आणि तोही फोनवर.
मी म्हणालो, उद्देश चांगला होता. ती म्हणाली, मोहसीनला काय सांगणार, उद्देश चांगला होता? मी म्हणालो, एखादा नेमका शब्द सुचव ना. ती म्हणाली, अण्णा, आता शब्द पुरे.

६ मार्च
जुन्नरला गेलो. थेट मोहसीनच्या घरी. समोरासमोर, साध्या भाषेत सांगायचं, असं बसमध्ये ठरवलं. वाक्य पाठ केलं: जलपर्णी मी टाकली. तीन शब्द.
मोहसीन बाहेर गेला होता, येईलच म्हणून त्याच्या आईने, जहाँआराबींनी, बसवलं. दारात पिकअप उभी, टाकी कोरडी ठणठणीत. त्यांनी चहा आणला, खारी आणली. घाबरलो की मला खायला लागतं. दोन कप चहा झाला, सात खारी झाल्या. त्या समोर बसून पदराने वारा घालत होत्या. मी म्हणालो, तुम्ही पण घ्या की. त्या म्हणाल्या, रमजान हाय साहेब, रोजा हाय. तुमी घ्या, तुमी लांबनं आले.
आठवी खारी हातात होती. ती खाली ठेवणं बरं दिसेना, खाणंही बरं दिसेना.
मग त्याच सांगायला लागल्या. मोहसीन आता दुसऱ्याच्या भाजीच्या गाडीवर जातो. माशाचं काम त्याच्या अब्बांनी चालू केलेलं. लोक म्हनतात तुज्या पानीत घान हाय. साहेब, तुमी शिकलेले, तुमच्या गावात तुमचं ऐकतात, जरा सांगा ना लोकांना.
मी सांगतो म्हणालो. मोहसीन यायच्या आत उठलो. शेवटच्या गाडीचं कारण दिलं. तेव्हा पावणेचार वाजले होते, आणि मला जुन्नरच्या गाड्यांचं वेळापत्रक आजही तोंडपाठ आहे. त्यानंतर अजून सहा गाड्या होत्या.
मी वाईट माणूस आहे का?

१० मार्च, सकाळी १०.००
गोरखला सांगितलं. बांधावर, तो ड्रिपच्या नळ्या जोडत असताना. तेच तीन शब्द. त्यात शास्त्रीय एकही नाही.
वाटलं होतं ओरडेल, नळी फेकेल. मी मागे सरून उभा होतो. तो नळी जोडतच राहिला. म्हणाला, माहीत हाय अण्णा.
कधीपासून, विचारलं. म्हणाला, पहिल्यापासनं. तुमी पक्षी म्हनला तवाच. दोन पोती जलपर्नी वाहून आनायला पक्षी केवढा लागतोय?
मग मोहसीनला का बोललास, असं मी विचारलं. माझा आवाज चढला होता, जणू चूक त्याची. गोरख म्हणाला, डोकं फिरलं व्हतं. मासं मेलेलं डोळ्यांपुढं. आन् कुनावर तरी काढायचंच व्हतं. तुमी घरातलं. आपलेच दात आन् आपलेच ओठ. त्यो काय, येतोय-जातोय.
सारजावहिनी जवळच भाजी खुडत होत्या. त्यांनाही माहीत होतं. अंबाबाईला माहीत होतं. पोती ज्या दुकानदाराकडून घेतली त्याला माहीत होतं.
म्हणजे अख्खा गाव मला सांभाळत होता. आणि त्यासाठी बाहेरचा एक माणूस खर्ची घातला होता. मी इतके दिवस समजत होतो की लपवतोय मी. लपवत ते होते, आणि मी नुसता त्यांच्यामागे उभा होतो.

१० मार्च, दुपारी
गोरख म्हणतो, आता ग्रुपवर टाकू नका, हात दाखवून अवलक्षण, लोकं विसरतील. सौ.ला विचारलं. ती म्हणाली, लोक विसरतील हो, पण मोहसीनची ऑर्डर त्यांना आठवणार आहे का?
तिलाही माहीत होतं. चिखलावरून. मी विचारलं, मग बोलली का नाहीस. ती म्हणाली, तुम्ही सांगाल म्हणून थांबले होते. रोज थांबले होते.
याचं फार लागलं. गोरखच्या बोलण्यापेक्षा जास्त.

१२ मार्च, सकाळी ८.२०
मेसेज लिहिला. पहिला मसुदा ‘सर्व सन्माननीय सदस्यांना कळविण्यात येते की’ असा सुरू झाला. सौ.ने खोडला. दुसऱ्यात फायटोफिलस होता. तोही खोडला. शेवटी असा गेला:
“आमच्या तळ्यात जलपर्णी मी टाकली. येडगावहून मी आणली. मोहसीनने ती पाहिली होती आणि काढा म्हणाला होता. मला आठवत नाही हे मी खोटं बोललो. त्याच्या बिजात काही नाही. सोपान.”
पाठवला. मग फोन उलटा ठेवून अंगणात गेलो.

१२ मार्च, ११.००
भूकंप वगैरे काही नाही. एकाने हात जोडलेले टाकले. एकाने गुलाबाच्या फुलावर शुभ सकाळ. कुणीतरी टोमॅटोचा आजचा भाव विचारला, त्यावर बारा जणांनी उत्तरं दिली. माझा मेसेज वर सरकत सरकत दिसेनासा झाला. भगवंत सरांनी लिहिलं, प्रांजळपणा स्तुत्य. पुन्हा व्याख्यान ठेवू.
तोच मेसेज साकोरी आणि पारगावच्या ग्रुपवरही टाकायला लावला. गोरखने टाकला. कुरकुरला, पण टाकला.

१३ मार्च
तळ्यात उतरलो. पट्टा काढून. बायांनी काढलेल्या जागी बारीक बारीक रोपं पुन्हा आली आहेत, करंगळीएवढी. गुडघाभर पाण्यात शिडीच्या दोरीला धरून वेचत होतो. कागदावरून पाय घसरून एकदा बसलो. अंबाबाई म्हणाली ते खरं, वाकलं की तेवढी दुखत नाही.
दोन पाट्या काढल्या. उद्या पुन्हा. आज ‘उद्या’ लिहिताना भीती वाटली.

१४ मार्च
धुळवड. पोरं रंग खेळत होती. मी पाण्यात. तीन पाट्या.

१६ मार्च, सायंकाळी ६.५०
मोहसीनचा फोन आला. मी घाईने उचलला आणि त्याने हॅलो म्हणायच्या आत सगळं बोलून टाकलं. जलपर्णी मी टाकली, तू दाखवली होतीस, मी खोटं बोललो, तुझ्या आईसमोर बसून चहा प्यालो आणि तेव्हाही बोललो नाही. माफ कर म्हणालो.
तो म्हणाला, वाचलं साहेब. साकोरीच्या दोघांनी ऑर्डर परत दिली. पारगाववाला बी इचारतोय. टाकीत पानी भरलं आज. अम्मीनं बी वाचून घेतलं माज्याकडनं, दोनदा.
मला एकदम हलकं वाटलं. इतक्या दिवसांनी. उत्साहाने म्हणालो, तळं जवळजवळ साफ होत आलं आहे, मी स्वतः वेचतोय, आवर्तन आलं की पाणी भरू, मग आमच्या तळ्यात बीज कधी सोडतोस? गोरखच्या वतीनेही मीच बोललो.
मोहसीनने आवाज काही चढवला नाही. म्हणाला, साकोरीला येईन, पारगावला येईन साहेब. तुमच्या निमगावला नाय येनार. तुमी तळं साफ करा, चांगलंच हाय. बीज दुसऱ्या कुनाकडनं घ्या.
मी म्हणालो, गोरखला सांगू का तुझी माफी मागायला? तो म्हणाला, नको. त्या दिवशी काठावर सात मानसं व्हती साहेब, सगळ्यांना माहीत व्हतं. मी कुनाकुनाची माफी घेऊ?
रोजा सोडायची वेळ होत आली होती, त्याने सलाम करून फोन ठेवला.
सौ. दारात उभी होती. विचारलं, काय म्हणाला. म्हणालो, यायचा नाही म्हणाला. ती म्हणाली, बरोबर आहे त्याचं.
मी पण तेच म्हणालो.